तो डबा हलका होता

दोन हजार बावीस साल. मला बहात्तरावं लागलं होतं. तुझ्या पायावर बोट दाबलं की खळगा पडायचा आणि बराच वेळ तसाच राहायचा. तू त्याचीसुद्धा मस्करी केलीस. "बघा, कणीक कशी झकास मळली गेलीय," म्हणालीस. मी हसलो नाही. मला हसायला उशीरच लागतो.

इंदू, आज तू जाऊन सतरा दिवस झाले. लोकांसमोर मी रडलो नाही. रडायचं राहू दे, मला तुझ्याशी भांडायचंय. आपलं भांडण अर्धं राहिलंय आणि समोर कोणी नाही. तू सातवी शिकलेली, मी चौथी. म्हणून भांडणात तू मधेच थांबायचीस आणि मला जिंकू द्यायचीस. मला वाटायचं, मीच जिंकतो. आता एकट्याने भांडतोय तर एकही मुद्दा टिकत नाही.

त्या डब्यापासून सुरुवात करतो.

हॉस्पिटलातल्या पहिल्या डॉक्टरांनी सांगितलं, हिच्या किडनीतून प्रोटीन गळतंय, लघवीवाटे बाहेर जातंय. किती जातंय ते मोजायला चोवीस तासांची लघवी पाहिजे. सकाळची पहिली सोडून द्यायची, मग दिवसभराची, रात्रीची आणि दुसऱ्या दिवशी सकाळची पहिली, सगळी एका डब्यात. एक थेंब बाहेर जाता कामा नये. पाच लिटरचा पांढरा डबा होता, घट्ट झाकणाचा. मला ते ताबडतोब पटलं. सगळं घ्यायचं, सगळं मोजायचं. यात फसवाफसवीला जागा नाही. घरी येताना मी तुला म्हणालो पण, "ही खरी तपासणी."

आपल्या घरात एक नियम होता, तो माझा. मोरीत कोणी लघवीला बसायचं नाही. डोंगरावरच्या आपल्या ओळीत बाकी सगळ्या घरांत बसतात, मला माहीत आहे. एका खोलीत राहणारी माणसं दुसरं काय करणार. पण मी छत्तीस वर्षं दुधाच्या डेअरीत काढली. जिथे भांडी घासायची, जिच्या समोर देवाची फळी, त्या मोरीत नाही म्हणजे नाही. पाऊस असो, ताप असो, पायऱ्या उतरून सार्वजनिक संडासाच्या रांगेत उभं राहायचं. लग्न होऊन आलीस त्या दिवसापासून तू हा नियम पाळलास. आपली सुनंदा पोटात होती तेव्हा नवव्या महिन्यातही पाळलास. मला त्याचा मोठेपणा वाटायचा. तुझ्या गुडघ्यांना काय वाटायचं ते मी विचारलं नाही.

आजार निघाला तेव्हा मी दुसरा नियम केला. कोणाला सांगायचं नाही. किडनी म्हटलं की लोक आवाज बारीक करतात, डोकं हलवतात, घरी येऊन बसतात. मला कोणाची कीव नको होती. सुनंदा मानखुर्दला दिलेली, तिलासुद्धा एवढंच सांगितलं की आईच्या पायाला सूज आहे, मिठाचं पथ्य आहे. तू म्हणालीस, "पोरीला तरी सांगूया ना." मी म्हणालो, "सांगून ती काय करणार, स्वतःची काढून देणार?"  तुला बोलायची जागाच मी ठेवली नव्हती.

असे दोन नियम करून मी तुझ्या हातात डबा दिला. मोरीत बसायचं नाही, कोणाला कळू द्यायचं नाही आणि एक थेंब बाहेर जाऊ द्यायचा नाही. हे तिन्ही एका बाईच्या हातात एकदम मावत नाहीत, हे माझ्या डोक्यात आलं नाही. आत्ता लिहिताना किती सरळ दिसतंय. लहान पोरालाही कळेल.

दर तीन महिन्यांनी डबा. द्यायला मी स्वतः जायचो. कापडी पिशवीत डबा, वर वर्तमानपत्र, म्हणजे वाटेत कोणी विचारायला नको. पहिल्या वेळी आकडा आला त्याला डॉक्टर म्हणाले, ठीक आहे, फार नाही. दुसऱ्या वेळी त्याहून कमी. तिसऱ्या वेळी आणखी कमी. मी रिपोर्ट फाइलला लावायचो आणि फाइल तुझ्यासमोर धरायचो. "बघ. माझं पथ्य." मीठ तुझ्याबरोबर मीही सोडलं होतं, ते एक बरं केलं मी. तुझ्या बिनमिठाच्या आमटीची तूच टर उडवायचीस, "हिला आमटी म्हणायचं की गरम पाणी, तेवढं ठरवा, म्हणजे मी वाटी देऊ की ग्लास." आणि रिपोर्टकडे बघून म्हणायचीस, "हो, कमी झालंय." बास, एवढंच. मी खूश व्हायचो. ते खूश होणं तू बघायचीस. त्या बघण्यात काय होतं, ते मला आत्ता कुठे कळतंय.

मग हॉस्पिटलात ती तरुण डॉक्टरीण आली. हिने फाइल पुढून वाचली, मागून वाचली. म्हणाली, "मावशी, रक्तातलं क्रिएटिनिन वाढतंय, म्हणजे किडनी बिघडतेय, आणि लघवीतलं प्रोटीन कमी होतंय. हे जुळत नाही. डबा पूर्ण भरता ना तुम्ही?"

तू तोंड उघडलंस. मला आठवतंय, तू तोंड उघडलं होतंस. मी आधी बोललो.

"एक थेंब बाहेर जात नाही. मी जातीने बघतो."

"ठीक आहे, काका. तरी डबा आता राहू दे. आपण स्पॉट टेस्ट करू. सकाळी उठल्यावरची पहिली लघवी, या डबीत, एवढीशीच. काम झालं."

डबी बोटभर उंचीची. मला ती बघूनच राग आला. म्हणालो, "चोवीस तासांचा माल सोडून हे एवढंसं? हिने चार ग्लास पाणी जास्त प्यायलं तर ती पातळ होणार. मग तुम्हाला काय कळणार, कपाळ?"

ती चिडली नाही. तिने खुर्ची माझ्याकडे वळवली. "बरोबर विचारलंत. नुसतं प्रोटीन बघितलं तर फसायला होईल. पण लघवी पातळ झाली की त्यातलं क्रिएटिनिनही तेवढंच पातळ होतं. ते अंगातून रोज साधारण सारखंच बाहेर पडतं. म्हणून आपण दोघांचं प्रमाण काढतो. पाणी कमी असो, जास्त असो, प्रमाण फारसं हलत नाही. आणि डबा अर्धवट भरला तर जी चूक होते, ती यात होत नाही."

"डबा अर्धवट भरत नाही."

"मी तसं म्हटलं नाही, काका."

"म्हटलंत."

बाहेरच्या बाकावरची माणसं आत डोकावायला लागली. त्या पोरीने विचारलं, "तुम्हाला साखर आहे का, किती वर्षं?" मी म्हणालो, पंधरा. म्हणाली, "मग तुम्हीही एक डबी द्या. साखरेचा त्रास किडनीत कळायला लागतो तो असाच, आधी काही दुखत नाही."

"मला काय धाड भरलीय?"

टेबलावर दोन डब्या होत्या. तुझी मी तिच्याकडे सरकवली, फाइल उचलली आणि तुला म्हणालो, चल. तू मागून आलीस. माझी डबी तू पर्समध्ये टाकलीस, ते मी बघितलं नाही. माझी उचललीस, इंदू. तुझी तिथेच राहिली.

रिक्षात बसल्यावर तू विचारलंस, "तुमच्या डेअरीत टँकर यायचा तेव्हा तुम्ही काय करायचात हो?"

"काय करायचो म्हणजे? काम करायचो."

"दांडक्याने ढवळायचात आणि पळीभर दूध काढून एवढ्याशा बाटलीत भरायचात. त्या बाटलीवर अख्खा टँकर पास नाहीतर नापास. सगळा टँकर मोजून बघत होतात काय?"

"ते दूध."

"आणि पाणी घातलेलं यायचं तेव्हा फॅटही उतरायचं आणि बाकीचंही उतरायचं, दोन्ही बरोबर. दोन्हीकडे बघितलं की कळतंच, चोरी लपत नाही, असं तुम्हीच जेवताना सांगायचात. वीस वेळा सांगितलंय. ती पोरगी दुसरं काय सांगत होती?"

रिक्षावाला आरशातून बघायला लागला. मी म्हणालो, "गप बस." तू रागावलीस की गावच्या बोलीवर यायचीस, तशी आलीस. "मी गपच बसतंय. माझा काय जाता?"

तुझं काय जाणार होतं ते तेव्हा तुलाही माहीत नव्हतं.

एक गोष्ट सांगायची राहिली आहे ती आज सांगतो. मला तुझं पटलं होतं. त्या रिक्षातच पटलं, उतारावरून खाली येईपर्यंत. छत्तीस वर्षं मी बाटलीवर टँकर परत पाठवले होते. ड्रायव्हर शिव्या द्यायचे, एवढ्याशा दुधावरून सगळा माल नापास करतोस काय म्हणून, आणि मी म्हणायचो, बाटली खोटं बोलत नाही. ती डॉक्टरीण माझ्याच धंद्यातलं बोलत होती. पण ते मला नातीच्या वयाच्या पोरीने सांगितलं, आणि नंतर तू सांगितलंस, परक्या माणसासमोर. पटलं हे तोंडातून बाहेर काढता येईना. चार अक्षरं पण नाहीत त्यात.

त्यानंतर मी ते हॉस्पिटलच सोडलं. स्टेशनजवळच्या एका म्हाताऱ्या डॉक्टरांकडे जायला लागलो. मी डबा लॅबमध्ये तपासून घेऊन आकडा न्यायचो, ते मान हलवायचे, जुन्याच गोळ्या पुढे चालू. मी विचारायचो तेवढंच ते सांगायचे, आणि मी काही विचारतच नव्हतो. असं दीड वर्षावर गेलं. आकडे कमी. फाइल जाड. तुझी पावलं मात्र चपलेत मावेनात, तर मी तुला एक नंबर मोठी चप्पल आणून दिली.

मधूनच डाळीचा डबा काढताना तू म्हणायचीस, "ती डबी तशीच आहे हां." मी म्हणायचो, फेकून दे. आठ-पंधरा दिवसांनी पुन्हा, "डबी तशीच आहे हां." तुझ्या स्वतःच्या डबीचं तू पुन्हा कधी बोलली नाहीस.

गेल्या दिवाळीनंतर तू पायरीवर बसलीस ती उठेचनास. दम पुरत नव्हता. चौघांनी खुर्चीवरून खाली नेलं आणि सगळ्या ओळीला कळलं. परत तेच हॉस्पिटल, तीच डॉक्टरीण. तिने मला काही ऐकवलं नाही. तिने तुझी एक डबी तपासायला घेतली, आणि संध्याकाळी सांगितलं की फाइलमधल्या आकड्यांच्या कितीतरी पट प्रोटीन जातंय, आणि हे आजचं नाही. मी काय म्हणालो माहीत आहे? म्हणालो, तुमचं मशीन बिघडलं असेल.

तिने तुला विचारलं, "मावशी, डबा खरंच पूर्ण भरायचा का?" तू माझ्याकडे बघितलंस. मी कॉटच्या पायथ्याशी फाइल छातीशी धरून उभा. तू म्हणालीस, "भरायचा हो. हे जातीने बघायचे."

तीन महिने तू डायलिसिसच्या मशीनवर काढलेस, आठवड्यातून दोनदा. मशीनला नावं ठेवायचीस, "मेलं आपल्या मिक्सरपेक्षा मोठ्याने घरघरतंय." सुईला मात्र हूं की चूं नाही. शेवटच्या दिवशी तू पाणी मागितलंस आणि मी घड्याळ बघून सांगितलं, अजून तासाभराने, डॉक्टरांनी पाणी मोजून द्यायला सांगितलंय. तो तास झालाच नाही. मी मोजत बसलो होतो, इंदू. अजून काय लिहू याच्यावर.

तुझ्या तेराव्याला माणसं जेवायला बसली होती. कोणीतरी विचारलं, आबा, काय झालं होतं नेमकं, इतक्या लवकर कशी गेली. मी फाइल काढली. आता लपवायला काही उरलं नव्हतं, म्हणून मी सगळ्यांना फाइल दाखवायला लागलो. बघा, म्हटलं, दर तीन महिन्यांनी डबा. एकही चुकवला नाही. चोवीस तासांचा पूर्ण. माझ्याकडून काही कमी पडलं नाही.

समोरच्या दारातली रेखा वाढत होती. तिने पळी पातेल्यात ठेवली.

"आबा, ते म्हणू नका."

"काय म्हणू नको?"

"डबा पूर्ण होता, हे. काकींनी मला हॉस्पिटलात सांगितलं. शपथ घातली होती, तुमच्यासमोर बोलायचं नाही म्हणून. दिवसा त्या संडासाच्या रांगेत माझ्या पुढे उभ्या असायच्या. हातात काही नसायचं. डबा नेला असता तर सगळ्यांनी विचारलं असतं ना, आणि तुम्ही सांगू नका म्हटलं होतंत. मोरीत तुम्ही बसू देत नव्हता. तुम्ही झोपलात की त्या मोरीत डबा घेऊन बसायच्या. तेवढंच जमायचं त्यांना. रात्रीचं आणि पहाटेचं. दिवसाचं सगळं बाहेर."

सुनंदा पाटावरून उठली आणि बाहेर जाऊन उभी राहिली. बाकीचे ताटात बघायला लागले. मी फाइल मिटली. 

लोक गेल्यावर मी माळ्यावरून डबा काढला. नळाचं पाणी त्यात थोडं थोडं ओतत गेलो आणि उचलून बघत गेलो. दर तीन महिन्यांनी हाताला जे वजन लागायचं, ते येईपर्यंत. लिटरला थोडं कमी असताना आलं. दुधाचा माणूस मी. कॅन हातात घेतला की आत किती आहे ते अर्ध्या लिटरच्या फरकाने सांगायचो, पैज लावायचो. हा डबा मी कितीतरी वेळा डोंगर उतरून नेला आणि दर वेळी तो हलका होता. मला कळत नव्हतं असं नाही. हाताला कळत होतं. मी स्वतःला सांगायचो, मोजूनमापून पिते, म्हणून कमी येत असेल.

मी डॉक्टरणीला त्याच संध्याकाळी फोन केला. विचारलं, तेव्हा डबीवर गेलो असतो तर वाचली असती का?  ती म्हणाली, "काका, तसं सांगता येत नाही. गोळ्या बदलल्या असत्या, वाढवल्या असत्या. वेळ मिळाला असता, कदाचित बराच." हो म्हणाली असती तरी बरं झालं असतं, नाही म्हणाली असती तरी. कदाचित या शब्दाचं मी काय करू, सांग.

आणि तू का नाही बोललीस? हेच माझं भांडण. मी हात उचलला असता का? कधी उचलला नाही. एकदा म्हणायचं होतंस, अहो, मोरीत बसू द्या, नाहीतर लोकांना कळू द्या, दोन्हीतलं एक काहीतरी करा. मी ओरडलो असतो. दोन दिवस जेवलो नसतो. मग ऐकलं असतं. ऐकलं असतं असं मी आता म्हणतोय. तू पन्नास वर्षं मला ओळखत होतीस, तुला काय वाटलं ते तू करून दाखवलंस. माझी फाइल जाड होत होती, मी खूश होतो, तेवढ्यासाठी तू अर्धा डबा पूर्ण म्हणून दिलास. मला हरवायचं नाही, हे तू किडनीपेक्षा वर धरलंस. असलं देणं मला नको होतं गं. कोणी मागितलं होतं?

मग मी तुरडाळीचा डबा हलवला. त्याच्या मागे ती डबी होती, प्लास्टिकमध्ये बंद, जशीच्या तशी. पांढऱ्या पट्टीवर तुझं अक्षर. माझं नाव तू उखाण्यात सोडलं तर कधी तोंडाने घेतलं नाहीस, पण तिथे लिहिलं होतं. यशवंत. वय ७३.

दुसऱ्या दिवशी सकाळी उठलो तो मोरीत बसलो. देवाची फळी समोर होती. काही झालं नाही. पितळेचा गणपती होता तसाच बसून होता. डबी भरली, झाकण लावलं, मोरीत दोन बादल्या पाणी ओतलं. कापडी पिशवी खुंटीवर होती, ती तिथेच राहू दिली.

पायऱ्या उतरलो तर संडासाची रांग वळणापर्यंत आलेली. कोणीतरी विचारलं, "आबा, सकाळी सकाळी हातात काय घेऊन?"

"लघवी. किडनी तपासायला चाललोय," मी म्हणालो. मग तेवढ्यावर थांबवेना. "इंदूची किडनीच गेली होती. तीन वर्षं होत आली होती. मी तिला कोणाला सांगू दिलं नाही."

 रेखा पुढे आली, हळूच म्हणाली, "आबा, पिशवी आणून देऊ का?"

"नको," म्हटलं.

हॉस्पिटलात काउंटरवरच्या मुलीने डबी उजेडात धरून पट्टी वाचली. "यशवंत... वय त्र्याहत्तर?"

"पंच्याहत्तर."

तिने खोडायला पेन उचललं.

"ते खोडू नका," मी म्हणालो. "बाजूला लिहा."